बाबा, विहीर बुजवायचं जरा थांबवा

ती. आई आणि बाबांना,
सा. न.

रविवारी फोनवर बाबा बोलता बोलता म्हणून गेले की दिवाळी झाली की विहीर बुजवून टाकायची, डंपरवाल्याशी बोलणं पण झालंय, आणि लगेच विषय चिकूच्या भावावर गेला. मी तेव्हा काहीच बोलले नाही कारण मला सुचलंच नाही काही, आणि बोलले असते तर आवाज चढला असता. म्हणून लिहितेय. मोबाईलवर अक्षर बारीक दिसत असेल तर दादाला सांगा प्रिंट काढून द्यायला, पण दोघांनी एकत्र बसून वाचा.

आधी मेक्सिकोचं सांगते. फोटो पाठवलेत पण फोटोंत काही येत नाही, आणि विहिरीबद्दल मला जे म्हणायचंय ते तिथूनच सुरू होतं.

कॅनकूनला आम्ही चार दिवस होतो, त्यातला एक दिवस गाईडवाली ट्रिप घेतली. सकाळी सातला बस, आधी चिचेन इत्साचे माया लोकांचे अवशेष, मग दोन सेनोटेंमध्ये, म्हणजे जमिनीतल्या पाण्याच्या डोहांत, पोहायचं, संध्याकाळी वायादोलिद नावाच्या जुन्या गावात तासभर, आणि रात्री परत. जायचंच २०० किलोमीटर. रस्ता अगदी सरळ, दोन्हीकडे बुटकं दाट जंगल, आणि एवढ्या रस्त्यात एक नदी नाही, एक ओढा नाही. आरवनेच आधी विचारलं, आई इथे नदी का नाही? गाईड म्हणाला, नदी आहे, आपण तिच्या डोक्यावरून चाललोय.

तिकडची सगळी जमीन चुनखडीची आहे. पाऊस पडला की पाणी वाहतच नाही, सरळ मुरतं, आणि मुरता मुरता दगड विरघळवत जातं, हजारो वर्षांत खाली बोगदे, गुहा, नद्या तयार होतात. मग कुठेतरी वरचं छत पातळ होऊन कोसळतं आणि खालचं पाणी उघडं पडतं. ते सेनोटे. मूळ माया शब्द झोनोट, स्पॅनिश लोकांच्या तोंडी त्याचं सेनोटे झालं. गाव, शेती, देऊळ, जे काही उभं राहिलं ते या पाण्याच्या आसऱ्यानं. चिचेन इत्सा या नावाचा अर्थच मुळी इत्सा लोकांच्या विहिरीच्या तोंडाशी असा आहे. बाबा, एवढं मोठं शहर, आणि नाव काय तर विहिरीच्या तोंडाशी!

आमचा गाईड स्वतः माया, घरी अजून तीच भाषा बोलतो. मला शाळेपासून वाटत होतं की माया लोक संपले, तसंच वाचलं होतं आपण. संपलेबिंपले नाहीत, लाखो लोक आजही ती भाषा बोलतात. त्याने सांगितलं की पाऊस लांबला की गावात अजून चाक देवाची पूजा घालतात, चाक म्हणजे त्यांचा पावसाचा देव, आणि पूजेच्या मांडवाखाली लहान मुलांना बसवून त्यांच्याकडून बेडकासारखं ओरडून घेतात. आई, मी तिथेच बसमध्ये त्याला आपली धोंडी सांगितली, कडुलिंबाचा पाला बांधून, बेडूक घेऊन दारोदार फिरायचं आणि बायका वरून तांब्याभर पाणी ओतायच्या. तो दोनदा विचारून खात्री करून घेत होता, बेडूकच ना?

पिरॅमिड बघितला, एल कास्तियो. चारी बाजूंना ९१-९१ पायऱ्या आणि वरचा एक चौथरा मिळून ३६५, वर्षाचे दिवस. उंची ३० मीटर, आता वर चढू देत नाहीत. समोर उभं राहून टाळी वाजवली की पायऱ्यांवरून आवाज परत येतो तो टाळीसारखा येतच नाही, पक्ष्याच्या चिवचिवाटासारखा येतो, केत्सालसारखा म्हणतात, आरवने टाळ्या वाजवून वाजवून हात लाल केले. पण मला जास्त लागलं ते हे की या पिरॅमिडच्या पोटाखाली सुद्धा पाण्यानं भरलेलं विवर असल्याचं २०१५ मध्ये तिथल्या शास्त्रज्ञांनी शोधलं. म्हणजे देऊळ पाण्यावरच बांधलेलं.

तिथून दगडी रस्त्यानं पाचेक मिनिटं चाललं की पवित्र सेनोटे येतं. ६० मीटर रुंद गोल खड्डा, कडे सरळ तुटलेले, खाली हिरवट, न हलणारं पाणी. यात पोहत नाहीत. पावसासाठी देवाला द्यायचं ते यात टाकायचे, जेड, सोनं, धूप, आणि माणसंही, लहान मुलंसुद्धा. ते ऐकून मी आरवला जवळ ओढून घेतलं. १९०४ पासून एका अमेरिकन माणसानं गाळ उपसून ते सगळं बाहेर काढलं आणि हार्वर्डच्या म्युझियमला पाठवलं, त्यातलं थोडंच नंतर मेक्सिकोला परत मिळालं. आणि आई, हे तुला आवडेल, रोजच्या पिण्याच्या पाण्याचं सेनोटे वेगळं होतं, त्याचं नाव श्तोलोक. देवाचं पाणी वेगळं, घरचं वेगळं. आपल्याकडे पाणवठ्यावर तू कोणाला साबण लावू द्यायची नाहीस तसंच.

मग बसवाल्यांनी एका दुकानात पाऊण तास घालवला, चांदीचे दागिने आणि दगडी मुखवटे, सगळे कंटाळले आणि पोहायचा वेळ तेवढा कमी झाला. मला राग आला होता. जाऊ दे.

सेनोटे दोन होती, वायादोलिदच्या बाहेर, श्केकेन आणि सामुला. दोन्ही जमिनीखाली. वरून काहीच दिसत नाही हो, झाडं, तिकीटाची खिडकी, आणि जमिनीत एक भोक. पाण्यात जायच्या आधी शॉवर घ्यायला लावतात, अंगावर सनस्क्रीन किंवा तेल काही चालत नाही कारण ते पाण्यावर राहतं. लाईफ जॅकेट सगळ्यांना.

सामुलाच्या पायऱ्या उतरायला लागलो तसा वास आला आणि मी थांबलेच. ओल्या दगडाचा, शेवाळाचा, वटवाघळांचा. तो आपल्या विहिरीचा वास होता बाबा. मागचे लोक खोळंबले तरी मला पुढे जाववेना.

खाली मोठी गुहा, छताला एकच गोल भोक, आणि त्यातून उन्हाचा खांब सरळ पाण्यात उतरलेला. वर त्या भोकाच्या काठावर एक झाड, वडाच्याच जातीचं, त्याची मुळं सगळी उंची उतरून खाली पाण्यापर्यंत आलेली. मी पोहत त्या मुळांपाशी गेले. वर दोरखंडाएवढी जाड, खाली येता येता बारीक होत होत पाण्यात टोकाला नुसती केसांसारखी, पांढरट, आणि त्या केसांमध्ये बोटाएवढे काळे मासे शिरत होते. आपल्या विहिरीत पश्चिमेच्या बाजूला तो पिंपळ आलाय ना दगडात, दर वर्षी तुम्ही तोडता आणि दर वर्षी परत येतो, त्याचं मूळ पण असंच पाण्यात सुटलेलं असायचं आणि मी डुबकी मारून ते धरायचे.

आरव काठावरच बसून राहिला. इथे ह्यूस्टनला स्विमिंग पूलमध्ये तो मासा आहे, पण तिथे तळ दिसतो, निळ्या टाईल्स दिसतात. इथे खाली काळोख. किती खोल आहे, किती खोल आहे, एवढंच विचारत होता. मी त्याला आडवं घेतलं, पोटाखाली हात धरला, तुम्ही धरायचात तसा, आणि तोंडातून तुमचंच वाक्य आलं, खालचं पाणी मोजायचं नाही, वरचं धरायचं. मला आठवतंय, पाठीवर डालडाचा रिकामा डबा बांधलेला, कमरेला रहाटाची दोरी, आई वर कठड्यापाशी उभी राहून तुमच्यावर ओरडतेय, आणि तुम्ही शेवटच्या पायरीवर छातीभर पाण्यात. हात कधी काढलात ते मला कळलंच नव्हतं. त्यालाही कळलं नाही.

परत वर आल्यावर गाईडशी बोलले. त्याच्या आजोबांच्या काळात परसातल्या सेनोटेमधूनच पाणी काढायचे. मग नळ आले आणि ते सेनोटे म्हणजे कचरा टाकायची सोय झाली, फुटकी भांडी, मेलेली जनावरं, जुने टायर. आणि मग कळलं की खाली सगळं एकच पाणी आहे, याच्या परसात टाकलेलं दुसऱ्याच्या पाण्यात निघतं. आता गावातली पोरं उतरून साफ करतात.

दुसरी गोष्ट त्याने सांगितली ती मी तुमच्यासाठी नीट विचारून घेतली. त्यांच्याकडे समुद्राचं खारं पाणी जमिनीखालून खूप आतपर्यंत आलेलं असतं, आणि पावसाचं गोडं पाणी हलकं, ते त्याच्यावर राहतं, दुधावरच्या सायीसारखं. जपून वरचं वर काढलं तर गोडं मिळत राहतं. खोल पाईप टाकून ओढत सुटलं की खालचं खारं वर चढतं. बाबा, घोलवडला समुद्र किती लांब आहे आपल्यापासून? खालच्या आळीत दोन बोअर खारट झाल्या असं तुम्हीच मला मे महिन्यात सांगितलंत ना. आपला दगड वेगळा, तिकडची चुनखडी वेगळी, तेवढं मला कळतं, पण गोडं वर आणि खारं खाली हे तर समुद्राकाठी सगळीकडे सारखंच. आज बोअरला पाणी आहे. उद्या ती खारी झाली आणि विहिरीत डंपरभर डेब्रिज असेल तर काय करायचं? आणि ते डेब्रिज कुठलं असणार, कुठल्यातरी बिल्डिंगचं सिमेंट, रंग, काय काय, ते शेजारच्यांच्या पाण्यात जाणारच थोडंफार.

तुम्ही का म्हणताय ते मला माहितीय. जुलैमध्ये तुमचा पाय घसरला काठावर आणि आईने दोन दिवस धड जेवण केलं नाही. डासही होतात. आईची भीती खरी आहे, मला इथे रात्री झोप लागत नाही त्या विचारानं. पण त्यावर उपाय बुजवणं नाहीये. वरून लोखंडी जाळी बसवू, कुलूपवाली, कठडा पडलाय तो दोन फूट उंच करून घेऊ, काठाला खरखरीत फरशी. गप्पी मासे सोडले की डासांचं निम्मं काम होतं, ते तर पंचायतीतही सांगतात. गाळ काढायचा खर्च मी करते, यात नाही म्हणू नका, ती विहीर माझी पण आहे.

आणि चिकूचं राहिलंच. चिकू मूळचा तिकडचा! जंगलात आपोआप वाढतो, केवढाले उंच वृक्ष, आपल्या वाडीतल्यासारखे छाटलेले नाहीत. झाडाला चिरा पाडून चीक काढायचे आणि त्याचं च्युइंगगम करायचे, त्या चिकाला तिकडे चिक्ले म्हणतात. आणि चिचेन इत्साच्या देवळांच्या दारांवर ज्या तुळया आहेत त्या चिकूच्या लाकडाच्या, शेकडो वर्षं झाली तरी टिकल्यात. बाबा, तुम्ही म्हणता ना चिकूचं लाकूड जळणाशिवाय कशाच्या कामाचं नाही? मी गाईडला घोलवडच्या चिकूचा फोटो दाखवला, जीआय म्हणजे भौगोलिक मानांकन मिळालेला आमचा चिकू म्हणून, त्याने फोटो मोठा करून करून बघितला आणि म्हणाला, याʼ. त्यांच्या भाषेत चिकूला याʼ म्हणतात. बस सुटेपर्यंत आम्ही चिकूवरच बोलत होतो.

मी १९ डिसेंबरला येतेय, आरवला घेऊन, तीन आठवडे. तोपर्यंत डंपरवाल्याला थांबवा. त्याला ॲडव्हान्स दिला असेल तर गेला तर जाऊ दे, मी देईन. आरवला मी सांगून ठेवलंय की आजोबांच्या विहिरीत पोहायचं, आणि तो रोज विचारतो तिथे पण मासे आहेत का. तुम्ही पाण्यात उतरायचं नाही, ते मी करीन, तुम्ही फक्त वर खुर्ची टाकून बसा आणि ओरडा काय ओरडायचं ते.

तुमची,
मनू

ता. क. आई, तिकडे एक लाल सरबत मिळतं सगळीकडे, मला चव ओळखीची वाटत होती, ते लाल अंबाडीच्या फुलांचं निघालं. तू बोंडं वाळवून ठेव थोडी, आल्यावर करून बघू. आणि बाबा, विहिरीचा आतला व्यास टेपनं मोजून पाठवा, दोन-तीन ठिकाणी मोजा कारण ती पूर्ण गोल नाहीये, पण दादाला बरोबर घेऊन मोजा, एकट्यानं नको. जाळीवाल्याला माप लागेल.