तक्रार: बाबांच्या कथा आणि रोजनिशी एकत्र करून टाकल्याबद्दल

प्रति,
मा. व्यवस्थापक,
ग्राहक तक्रार विभाग,
वागळे इस्टेट, ठाणे (प.)

विषय : 11 हस्तलिखित वह्यांच्या डिजिटल संग्रहात कथा आणि रोजनिशी यांची सरमिसळ झाल्याबाबत.

महोदय,

दिवाळीनंतर मी माझ्या वडिलांच्या 11 वह्या तुमच्या कार्यालयात स्वतः आणून दिल्या. पूर्ण रक्कम आगाऊ भरली. काउंटरवरच्या मुलाला एक वही उघडून दाखवली आणि समजावून सांगितलं की पुढून रोजनिशी आणि घरखर्च आहे, आणि वही उलटी धरून मागच्या बाजूने कथा आहेत. कथांसाठी वेगळी वही विकत घेणं बाबांना कधी परवडलं नाही, पुढे परवडत असतानाही ती चैनच वाटली. दोन्ही लिखाणं मध्ये जिथे जवळ येत, तिथे ते एक पान कोरं सोडत. त्या मुलाने सगळं नीट ऐकून घेतलं आणि पावतीवर ‘दोन्ही बाजूंनी लिखाण’ अशी नोंदही केली. पावतीची प्रत सोबत जोडली आहे.

तरीही तुम्ही वह्यांची शिवण उसवली, सुटी पानं यंत्रातून काढली, उलटी पानं संगणकाने आपोआप सुलटी केली आणि कोरी पानं ‘रिकामी’ म्हणून काढून टाकली. कथा कुठली आणि आयुष्य कुठलं हे सांगणाऱ्या दोनच खुणा त्या वह्यांत होत्या, आणि त्या दोन्ही पुसल्या गेल्या. मग तुमच्या यंत्रणेने मजकूर वाचून स्वतःच ठरवलं की काय घडलेलं आणि काय रचलेलं, आणि त्यावरून ‘कुटुंबाचा जीवनपट’ तयार केला.

त्या जीवनपटात माझी आत्या 1968 साली मासुंदा तलावात बुडून वारली आहे.

आत्या कळव्यात राहते. तिच्या नातीने मोबाइलवर तो जीवनपट उघडून कौतुकाने तिच्या हातात दिला. आत्याने चष्मा पुसला, स्वतःचं नाव आणि पुढचं साल दोनदा वाचलं आणि फोन पालथा ठेवला. मग म्हणाली, “ही तर दादाची गोष्ट. तलावपाळीवर बसून त्याने मलाच पहिल्यांदा वाचून दाखवली होती. मी रडायला लागले म्हणून तो पान फाडायला निघाला, मीच फाडू दिलं नाही.” त्या संध्याकाळी ती जेवली नाही.

दुसऱ्या एका कथेत माझे पणजोबा 16 एप्रिल 1853 ला ठाण्यात बोरीबंदरहून आलेली पहिली आगगाडी पाहायला उभे आहेत. तारीख खरी आहे. साहिब, सिंध आणि सुलतान ही इंजिनांची नावं खरी आहेत, 14 डबे आणि 400 पाहुणेही खरे. हे सगळं बाबांनी मराठी ग्रंथसंग्रहालयात बसून टिपून आणलं होतं. एवढ्या खऱ्या गोष्टी जुळल्या म्हणून तुमच्या यंत्रणेने पणजोबाही खरे धरले. आमचं घराणं कोकणातलं. ठाण्यात पहिल्यांदा आले ते आजोबा, 1938 साली. पण भाचीच्या मुलाने तुमचंच पान बघून शाळेच्या प्रकल्पात पणजोबांचा प्रसंग लिहिला, आणि तो खोटा आहे हे त्याला सांगायची वेळ माझ्यावर आली.

मला सर्वांत जास्त लागलेली गोष्ट मात्र याच्या उलटी आहे. 26 जुलै 2005 ची नोंद तुम्ही ‘काल्पनिक’मध्ये टाकली आहे. एरवी बाबांची रोजनिशी म्हणजे दूध, रॉकेल, पासाचे पैसे आणि एखादी ओळ. त्या दिवसावर मात्र त्यांनी सात पानं लिहिली, वर फक्त ‘मंगळवार’ घालून. सांताक्रूझला 24 तासांत 944 मिलिमीटर पाऊस पडला तो हा दिवस. कुर्ल्याला लोकल थांबली ती थांबलीच. बाबा पुढच्या माणसाच्या खांद्यावर हात ठेवून पाण्यातून निघाले आणि तिथून चालत ठाण्याला आले. पहाटे चारला दार वाजलं. घरात वीज नव्हती. आईने गरम पाण्यात त्यांचे पाय घेतले आणि टाचेतली काच सुईने काढली. बॅटरी मी धरली होती. मी तिथे होते. ती गोष्ट नाही.

बाबा आज नाहीत. आमच्या नंतरच्या माणसांना ते तुमच्या संग्रहातूनच कळणार आहेत, आणि तिथे बहिणीचा मृत्यू खरा आहे, त्यांची ती पायपीट खोटी. कथा लिहिताना ते कुणाला फसवत नव्हते. वही उलटी करून ते सगळ्यांना सांगतच होते की इथून पुढे कथा आहे.

तुमच्या प्रतिनिधीने फोनवर अर्धी रक्कम परत देऊ केली. ती मला नको. मला हवंय ते असं: जीवनपट आजच बंद करावा. स्कॅनच्या मूळ प्रतिमा, न फिरवलेल्या, कोऱ्या पानांसकट द्याव्यात. सुटी झालेली पानं त्याच क्रमाने लावून तुमच्या खर्चाने वह्या पुन्हा शिवून द्याव्यात. आणि प्रत्येक पान कथा की रोजनिशी, हे आमच्यासमोर बसून नोंदवावं. 15 दिवसांत हे झालं नाही तर ग्राहक संरक्षण कायदा, 2019 नुसार सेवेतील त्रुटीबद्दल मी जिल्हा ग्राहक आयोगाकडे जाईन. मला ती वेळ येऊ नये असं मनापासून वाटतं.

पानं ओळखायला आत्या स्वतः येणार आहे. बऱ्याच कथा तिने ऐकलेल्या आहेत. तिला सकाळी 11 नंतर जमतं. जिना चढवत नाही, तेव्हा बसायची सोय तळमजल्यावर करावी.

आपली,
एक ग्राहक, चरई, ठाणे
(नाव आणि दूरध्वनी पावतीवर आहेत.)

सोबत : पावतीची प्रत, जीवनपटाची छापील पानं.