वास्तव स्टॅबिलायझर परत घेऊन रक्कम मिळण्याबाबत

प्रति,
मा. व्यवस्थापक,
ग्राहक सेवा विभाग

विषय : आपल्या 'वास्तव स्टॅबिलायझर' यंत्रातील दोषाबाबत तक्रार.

महोदय,

मागच्या दिवाळीत कृषी प्रदर्शनातल्या आपल्या स्टॉलवरून मी वरील यंत्र ३८,५०० रुपये रोख मोजून घेतलं. पावती आणि वॉरंटी कार्डाची झेरॉक्स सोबत जोडली आहे. घेण्याचं कारण एकच. आमच्या रावेर तालुक्यात केळीला एकाच दिवशी दोन भाव असतात. एक बोर्डावर लिहिलेला आणि दुसरा व्यापारी बांधावर येऊन सांगतो तो. आपला विक्रेता छातीठोकपणे म्हणाला, "काका, यंत्र लावलं की तुमच्या शेतात एका गोष्टीची दोन रूपं राहणारच नाहीत."

भाव अजून दोनच आहेत. त्याला यंत्राने हात लावलेला नाही. ज्याला हात लावायचं काही कारण नव्हतं, ते मात्र सरळ करून ठेवलं आहे. अगदी शब्दशः सरळ. यंत्राजवळच्या ओळीतली केळी वाकायचीच थांबली. केळं वाढताना वर वळतं म्हणून त्याला बाक येतो, हे आमच्याकडे शाळेतल्या पोरालाही ठाऊक आहे. यंत्राने तो बाक बिघाडात धरला. कटाईला घड उतरवले तर प्रत्येक घडाला फण्या सारख्या, प्रत्येक फणीला केळी सारखी, आणि एकही वाकडं नाही. व्यापाऱ्याने घड उलटासुलटा करून पाहिला. "भाऊ, ही केळी आहेत की पडवळं?" एवढं बोलून तो रिकामी गाडी घेऊन निघून गेला. त्या दिवशी दोन्ही भावांपैकी एकही मिळाला नाही.

हिवाळ्यात शेतात भरिताची पार्टी होती. पाहुणे जळगावहून आलेले. काड्या पेटवून भरिताची हिरवी वांगी जाळावर टाकली. साल काळी पडायची, तडकायची, आतून पाणी सुटायचं, आणि डोळ्यांदेखत परत हिरवीगार, देठासकट तुकतुकीत. काड्यांचा ढीग संपला तरी वांगी कच्चीच. शेवटी मेहुण्याने यंत्राची वायर उपटली, तेव्हा कुठे वांगी भाजून, भरीत ठेचायच्या लाकडी बडगीत पडली.

तक्रार नोंदवली ती थंडीत, आपला मेकॅनिक उगवला ऐन मे महिन्यात. बाहेर पारा पंचेचाळीसच्या वर आणि यंत्राच्या डिस्प्लेवर २९. भिंतीवरचा साधा थर्मामीटरसुद्धा, बहुधा यंत्राच्या धाकाने, २९ च दाखवत होता. मेकॅनिकचा स्वतःचा शर्ट घामाने पाठीला चिकटलेला. त्याला तो दाखवला तर म्हणाला, "आकडा स्थिर झालाय ना काका, अनुभव वॉरंटीत येत नाही." मग अर्थिंग कमजोर आहे, खड्ड्यात मीठ-कोळसा टाका, असं सांगून सर्व्हिस चार्ज घेऊन गेला.

त्याच्याच तोंडून एक गोष्ट कळली, आणि माझी खरी तक्रार तीच आहे. 'सामान्य वास्तव' म्हणे यंत्रात कारखान्यातच भरून पाठवतात. कारखाना ज्या शहरात आहे तिथलं, तेही डिसेंबरमधलं. म्हणजे तुमच्याकडे चालतं ते खरं, आणि आमचं ऊन, आमचा जाळ, केळ्याचा बाक हा सगळा बिघाड! शेतकऱ्याला एक भाव आणि गिऱ्हाइकाला दुसरा, हे मात्र तुमच्या शहरात रोजचंच. म्हणून यंत्राच्या लेखी त्यात दुरुस्त करण्यासारखं काही नाही.

शिवाय शेतीची थ्री-फेज लाईट कधी दिवसा, कधी रात्री. लाईट जाऊन आली की यंत्र मागचंच कुठलं तरी साल पकडून बसतं. एकदा डायरीतल्या नंदुरबारच्या मावशीच्या पत्त्यात जिल्हा धुळे झाला. ते चालवून घेतलं, १९९८ पर्यंत तसंच होतं. पण पुढच्या वेळी कपाटातल्या सातबाऱ्यावर जळगाव जिल्हाच नाही! १९०६ च्या आधीचा अखंड खानदेश, जिल्ह्याचं ठिकाण धुळे. पीककर्जाची फाईल परत आली ती त्यामुळे.

तरी यंत्रात रावेरचं वास्तव भरून द्यावं. त्यासाठी आपला माणूस मे महिन्यात इथे राहायला पाठवावा, जेवणाखाण्याची सोय आम्ही करू. ते जमत नसेल तर पूर्ण रक्कम आणि बुडालेल्या मालाची भरपाई द्यावी. भाव सरळ करणारं एखादं मॉडेल असेल तर तसंही कळवावं, वरचा फरक भरायला तयार आहे.

वॉरंटी कार्डामागे बारीक अक्षरात 'वाद फक्त मूळ वास्तवातील न्यायालयात चालतील' असं छापलं आहे. ग्राहक संरक्षण कायदा २०१९ प्रमाणे ग्राहक राहतो त्या जिल्ह्याच्या आयोगाकडे तक्रार करता येते, आणि एवढ्या रकमेला फीसुद्धा लागत नाही. पंधरा दिवस वाट पाहून मी जळगावच्या आयोगात जाणार आहे. तोवर जिल्हा जागेवर राहावा म्हणून यंत्राची वायर काढून ते गोठ्यात ठेवलं आहे. न्यायला येणाऱ्याने सोबत आणखी एक माणूस आणावा, जड आहे.

आपला,
एक केळी उत्पादक ग्राहक
ता. रावेर, जि. जळगाव

सोबत : पावती, वॉरंटी कार्ड, सरळ केळ्यांचा फोटो