हायडी काबेलची बोली आणि आपली मालवणी

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

बोलीतल्या नटाला मुलखाबाहेर कोणी विचारत नाही, असा सूर आपल्या पुरवणीतल्या लेखात होता. मला तो पटला नाही. मी मूळची कुडाळची, गेली अकरा वर्षं हॅम्बुर्गला आहे. इथल्या मुख्य रेल्वे स्टेशनाला लागून असलेल्या चौकाला एका विनोदी नटीचं नाव आहे, हायडी काबेल.

त्या १९३२ साली ओन्सॉर्ग थिएटरच्या नाटकमंडळीत आल्या, तेव्हा विशीही गाठली नव्हती. ३१ डिसेंबर १९९८ ला निरोप घेतला तो त्याच रंगमंचावर, चौऱ्याऐंशीव्या वर्षी. सहासष्ट वर्षं! हे थिएटर प्लाट बोलीचं, उत्तर जर्मनीतल्या लोकांच्या घरातल्या भाषेचं. प्रमाण जर्मनमधला 'इख' म्हणजे मी, प्लाटमध्ये 'इक' होतो; 'वासर' म्हणजे पाणी, त्याचं 'वातर'. जिन्यात उभं राहून सगळ्या बिल्डिंगची उणीदुणी काढणारी शेजारीण काबेलबाईंनी अशी रंगवली, की सगळा देश त्यांना ओळखू लागला.

पण इथेच खरी मेख आहे. १९५४ पासून ही नाटकं टीव्हीवर गेली ती प्लाटमध्ये नव्हे. बाकीच्या जर्मनीला कळावं म्हणून संवाद प्रमाण भाषेत घेतले, वर फक्त हॅम्बुर्गी हेल ठेवला. माझ्या शेजारच्या आजी अजून ती जुनी रेकॉर्डिंग लावतात. एकदा हसता हसता थांबल्या आणि म्हणाल्या, "इथे ती तुमच्यासाठी बोलते. आमच्यासाठी बोलायची ते ऐकायला थिएटरात जावं लागायचं."

मला एकदम कॉलेजातली एकांकिका आठवली. परीक्षकांनी सांगितलं, मालवणी जरा सौम्य करा. आम्ही 'खंय गेल्लंस?' काढून 'कुठे गेला होतास?' घातलं. प्रयोगात त्या वाक्याला एकही हशा आला नाही. मला अजून त्याचं वाईट वाटतं.

मच्छिंद्र कांबळींनी मालवणी थेट लंडनपर्यंत नेली, ती सौम्य करून नव्हे. म्हणून नाट्यसंस्थांना आणि वाहिन्यांना माझी कळकळीची विनंती आहे. मालवणी, वऱ्हाडी, अहिराणी प्रयोगांचं चित्रीकरण आहे त्या बोलीतच करा, आणि पडद्यावर खाली प्रमाण मराठीत ओळी द्या. ज्यांच्या तोंडी ही भाषा अस्सल आहे ती जुनी नटमंडळी आज रंगमंचावर उभी आहेत, तोवरच हे काम व्हायला हवं.

आपली,
एक कुडाळकर वाचक, हॅम्बुर्ग