लिलावात घेतलेल्या घराचा ताबा कोण देणार?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

न्यायालयाने लिलावात विकलेली मिळकत म्हणजे निर्वेध मिळकत, असा सर्वसाधारण समज आहे. त्याच विश्वासाने नोव्हेंबर २०२१ मध्ये मी दिवाणी न्यायालयाच्या लिलावात दोन खोल्यांचे एक घर घेतले. बोली मान्य होताच पंचवीस टक्के रक्कम तिथेच भरली आणि उरलेली पंधरा दिवसांत, कारण ती मुदत चुकली तर अनामत जप्त होऊ शकते आणि फेरलिलाव होतो. फेब्रुवारी २०२२ मध्ये विक्री कायम, म्हणजे अंतिम, झाली. त्या घराचा ताबा मला आजही मिळालेला नाही, आणि गावोगावच्या लिलाव खरेदीदारांशी बोलल्यावर हा अनुभव माझ्या एकट्याचा नाही, हे समजले.

यातील सर्वांत जाचक बाब मुदतीची आहे. विक्री कायम झाल्यापासून एका वर्षाच्या आत ताब्यासाठी अर्ज केला पाहिजे, असे मुदत कायद्याच्या परिशिष्टातील अनुच्छेद १३४ सांगतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ मधील नियम ९५ मात्र विक्रीचा दाखला मिळालेल्या खरेदीदाराला ताबा देण्याची भाषा करतो. हा दाखला खरेदीदाराच्या हातात नसतो. तो न्यायालयाच्या कचेरीतून यायचा असतो. मला तो डिसेंबर २०२२ मध्ये मिळाला, म्हणजे वर्षातले दहा महिने दाखल्याची वाट पाहण्यातच गेले. दाखल्याला उशीर झाला तरी मुदत विक्री कायम झाल्याच्या दिवसापासूनच मोजायची, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये स्पष्ट केले आहे. अर्ज आधी करून दाखला मागाहून जोडता येतो, हेही त्यातून निघते. हे किती खरेदीदारांना माहीत असते? मला ते वकिलांनी वेळेवर सांगितले नसते, तर पूर्ण पैसे भरूनही ताबा मागण्याचा हा सोपा मार्ग मी गमावून बसलो असतो.

त्यानंतर ताब्याचे वॉरंट तीन वेळा निघाले आणि तिन्ही वेळा परत आले. पहिल्या खेपेस दाराला कुलूप होते आणि कुलूप तोडण्याचा हुकूम बेलिफांजवळ (वॉरंट बजावणाऱ्या न्यायालयाच्या कर्मचाऱ्यांजवळ) नव्हता. दुसऱ्या खेपेस सणाच्या कामामुळे पोलीस बंदोबस्त मिळाला नाही. तिसऱ्या खेपेस मूळ कर्जदाराचा, म्हणजे ज्याचे घर लिलावात विकले गेले त्याचा, एक नातेवाईक स्टॅम्पपेपरवरचा भाडेकरार घेऊन उंबऱ्यात उभा राहिला. करारावरची तारीख लिलावानंतरची होती, ती मी स्वतः बेलिफांना बोट ठेवून दाखवली. पण हरकतीचा निर्णय देणे त्यांच्या अधिकारात नव्हते, त्यामुळे पंचनामा करून ते परतले.

कायदा इथे दुबळा नाही. हरकतदाराच्या हक्काचा निर्णय दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) चालवणाऱ्या न्यायालयानेच करायचा, त्यासाठी वेगळा दावा चालणार नाही, असे नियम १०१ सांगतो. विनाकारण अडथळा आणणाऱ्या कर्जदाराला, किंवा त्याच्या सांगण्यावरून तसे करणाऱ्याला, नियम ९८ खाली तीस दिवसांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवता येते. खऱ्या, जुन्या भाडेकरूला या सगळ्यात संरक्षण मिळालेच पाहिजे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. त्याच्या ताब्यातील मिळकतीसाठी कायद्यात वेगळी तरतूद (नियम ९६) आहे. प्रश्न आहे तो लिलावानंतर उभ्या केलेल्या भाडेकरूंचा, आणि अशा हरकतींवर वर्षानुवर्षे पडणाऱ्या तारखांचा.

दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये बजावले आणि मार्च २०२५ मध्ये पुन्हा बजावून उच्च न्यायालयांकडून प्रलंबित दरखास्तींची माहिती मागवली. त्यातून देशभर आठ लाखांहून अधिक दरखास्ती पडून असल्याचे आणि त्यांत सर्वाधिक महाराष्ट्रात असल्याचे पुढे आले. आपल्या राज्याच्या दृष्टीने ही फार गंभीर गोष्ट आहे.

माझी उच्च न्यायालयाला नम्र विनंती आहे की, विक्री कायम होताच दाखला देण्यासाठी कचेरीला निश्चित दिवस ठरवून द्यावेत. ताब्याच्या पहिल्याच वॉरंटमध्ये कुलूप तोडण्याचा हुकूम आणि बंदोबस्ताचे पत्र असावे. आणि लिलावाच्या जाहीरनाम्यातच मिळकतीत त्या दिवशी कोण राहते, कोणत्या नात्याने राहते, हे बेलिफांनी प्रत्यक्ष पाहून लिहावे. खरेदीदाराला जाणून घेणे आवश्यक असलेली प्रत्येक गोष्ट जाहीरनाम्यात असावी, असे नियम ६६ आजही सांगतो. माझ्या वेळच्या जाहीरनाम्यात चतुःसीमा होत्या, क्षेत्रफळ होते, घर क्रमांक होता. आत कोण राहते याची एक ओळही नव्हती. ती असती तर लिलावानंतरचा तो भाडेकरार घेऊन कोणी उंबऱ्यात उभे राहू शकले नसते.

आपला,
एक लिलाव खरेदीदार, सातारा जिल्हा