‘सौजन्य : यूट्यूब’ म्हणजे परवानगी नव्हे

संपादक साहेब, नमस्कार.

12 जुलै आला की पानशेतच्या पुरावर टीव्हीला कार्यक्रम लागतात आणि जुनी दृश्यं दाखवताना खाली कोपऱ्यात बारीक अक्षरात ‘सौजन्य : यूट्यूब’. मी डॉक्युमेंटरींसाठी जुनं फुटेज शोधायचं काम करते, त्यामुळे ही ओळ दिसली की फार त्रास होतो. यूट्यूब काही त्या फुटेजचं मालक नाही, कुणीतरी तिथे टाकलंय एवढंच. ब्रिटिश पाथे या जुन्या बातमीपटांच्या कंपनीने 2014 ला जवळपास 85 हजार फिल्म यूट्यूबवर टाकल्या, त्या आपण बघायच्या, पण स्वतःच्या फिल्ममध्ये घ्यायच्या तर लायसन्स लागतं, आणि त्याचे पैसे किती सेकंद, कुठल्या देशात, किती वर्षं, टीव्ही की ओटीटी यावर ठरतात.

मागे एका प्रॉडक्शनवाल्यांनी मला पानशेतची म्हणून एक ब्लॅक अँड व्हाइट क्लिप पाठवली, एडिटिंगच्या टाइमलाइनवर लावूनही टाकलेली. मी फ्रेम थांबवून बघते तर पाण्यात अर्धी बुडालेली मारुती 800! पानशेत धरण फुटलं 1961 ला, ती गाडी आली 1983 ला. कुठल्या तरी भलत्याच पुराचं रंगीत फुटेज घेऊन कुणीतरी रंग काढून टाकले होते. त्या दिवशी ज्यांची घरं गेली ती माणसं अजून पुण्यात आहेत हो, त्यांना आपण दुसराच पूर दाखवायचा?

कायद्याने फिल्मचा कॉपीराइट 60 वर्षं, फिल्म प्रकाशित झाल्याच्या पुढच्या वर्षापासून मोजतात, म्हणजे 1961 ला थिएटरात दाखवलेल्या न्यूजरीलचा, म्हणजे बातमीपटाचा, 2021 अखेर संपला. पण हक्क संपला म्हणून रीळ हातात पडत नाही, चांगली प्रिंट ज्याच्याकडे आहे त्याच्याच दारात जावं लागतं, आणि आत नेमकं काय आहे ते माहीत नसेल तर मागणार काय? सरकारी बातमीपट बनवणाऱ्या फिल्म्स डिव्हिजनचा 1948 पासूनचा साठा आणि लॉ कॉलेज रोडवरचं आपलं चित्रपट संग्रहालय, दोन्ही 2022 पासून एनएफडीसीकडे, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आहेत. एकेका न्यूजरीलची शॉटलिस्ट मराठीतून सर्च करता येईल अशी ऑनलाइन हवी, म्हणजे कितव्या मिनिटाला लकडी पूल, कितव्याला शनिवार पेठ, आणि शेजारीच सेकंदाचा दर. अस्सल शॉट पटकन मिळाला तर खोटा कोण लावेल?

आणि ज्यांच्या माळ्यावर त्या काळची 8 एमएमची, घरगुती कॅमेऱ्याची रिळं असतील त्यांना कळकळीने सांगते, कुणी कितीही गोड बोललं तरी तशीच देऊ नका. काय वापरणार, किती दिवसांसाठी, पैसे किती, रीळ परत कधी, सगळं आधी कागदावर सहीसकट घ्या. माझ्या ओळखीतल्या एका आजींनी घरातलं एकुलतं एक रीळ स्कॅनिंगला म्हणून दिलं, त्यात त्यांचा पडलेला वाडा होता, चार वर्षं झाली ते परत आलेलं नाही आणि ज्यांना दिलं त्यांचा फोनही आता कुणी उचलत नाही.

एक फुटेज रिसर्चर, पुणे