मूकपटांतली पळापळ नटांची नव्हे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

जुन्या वेस्टर्नपटांवरील आपल्या पुरवणीतल्या लेखाचा सूर असा, की मूकपटांतली माणसे तुरुतुरु पळतात, म्हणून त्यांतला सूड आणि न्याय आज गमतीचा वाटतो. ही पळापळ नटांची नाही. चुकीच्या गतीने पट दाखवणाऱ्यांची आहे.

‘हेल्स हिंजेस’ (१९१६) हा अमेरिकी मूक वेस्टर्नपट घ्या. गावात ना कोर्ट, ना कायदा. गुत्तेवाल्याच्या माणसांनी चर्च जाळलेले, आणि नायक ब्लेझ ट्रेसी पिस्तुले रोखून एकटा गुत्त्यात शिरतो. ट्रेसी झालेला विल्यम एस. हार्ट इथे फारसा हलतच नाही. मान ताठ, नजर रोखलेली. समोरचा जमाव बिचकतो तो त्या थांबण्याला. पट जास्त वेगाने चालवून तो थांबाच गिळला गेला, तर ट्रेसी नुसता उतावळा गुंड दिसतो आणि मग गुत्त्यापासून सगळे गाव पेटते त्याला काही अर्थ उरत नाही.

हिशेब सोपा आहे. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी, म्हणजे फ्रेम. हजार फुटांचे रीळ सेकंदाला १८ चौकटींनी सुमारे पावणेपंधरा मिनिटे चालते, बोलपटाच्या २४ने जेमतेम ११. हा पट पाच रिळांचा. रिळे भरलेली धरली, तर अठरा मिनिटे गायब!

तेव्हा कॅमेरा हाताने फिरवत, त्यामुळे एकच पक्की गती सांगता येत नाही. १६ ते २०च्या दरम्यान चालवून पाहावे आणि नटांऐवजी धूर, धूळ, खाली पडणाऱ्या वस्तू बघाव्यात. नट मुद्दाम सावकाश चालेल, धूर चालणार नाही. या पटाची शेवटची आग त्यासाठी उत्तम.

नुसती गती उतरवूनही भागत नाही. प्रोजेक्टरमध्ये प्रकाश मधूनमधून अडवणाऱ्या दोन पात्यांच्या शटरने १६ला पडदा सेकंदाला ३२ वेळाच उजळतो आणि डोळ्यांना लुकलुक जाणवते. तीन पाती बसवली की ४८. डिजिटल प्रतीत १८चे २४ करताना दर तिसरी चौकट दोनदा द्यावी लागते. घोड्याच्या दौडीत त्याचा किंचित झटका दिसतो, पण तो परवडला.

आपल्याकडेही तेच. ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) ३७०० फुटांचा. त्याची लांबी सर्रास ४० मिनिटे छापतात, ती २४च्या हिशेबाची. १६ने तो तासाभराचा होतो. यापुढे मूकपटाच्या मिनिटांशेजारी फूट आणि गतीही छापावी, ही विनंती.

– एक वाचक, पुणे