दादाशी बोलताना

दांडिया बाजार, बडोदा

चि. मनू,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू दादाला म्हणालीस, "कोणी नाही रे तिथे, मनाचे खेळ आहेत." काळजीपोटीच म्हणालीस, माहीत आहे मला. पण त्या रात्री तो ताटावरून उठला. म्हणाला, "आई, मनूलाही मी खोटा वाटतो."

अगं, त्याला ते आवाज खरोखर ऐकू येतात. तुला माझा येतो तसेच. पंखा जोरात फिरत असला की जास्त. घरात आपण मराठी बोलतो, ते मात्र गुजरातीत बोलतात, जिन्यात कुणी कुजबुजावं तसे: "जो, आव्यो." डॉक्टर म्हणाले, तेव्हा मेंदूतला बोलण्या-ऐकण्याचा भाग खरंच जागा झालेला असतो, स्कॅनमध्ये दिसतो. बोलणं आपल्याच मनातलं, पण ते आपलं आहे ही ओळखच पटत नाही, असं मानतात. शिवाय डोपामिन या रसायनाचं गणित बिघडलं की साध्या गोष्टीलाही अर्थ चिकटतो. दुधाच्या पिशवीवरची तारीख आपल्यासाठीच छापली आहे असं त्याला वाटायचं, आठवतं? गोळ्या त्या डोपामिनचाच जोर कमी करतात. अशा औषधांची सुरुवात 1952 सालची. त्याआधीच्या आयांनी काय केलं असेल गं!

मी एकदा फार मोठी चूक केली. त्याला बरं वाटावं म्हणून म्हटलं, "थांब, मी रागावते त्यांना," आणि जिन्यात जाऊन खरंच ओरडले. त्यानंतर तीन दिवस त्याने कडी काढली नाही. जिन्यात माणसं आहेत याला आता आईचीच साक्ष मिळाली होती. म्हणून आता मी वादही घालत नाही आणि होला होही म्हणत नाही. जवळ बसते. "मला नाही ऐकू येत, पण तुला येतंय ना? भीती वाटतेय का?" भीतीबद्दल तो बोलतो. मग जरा वेळाने चहा घेतो.

मटार सोलताना गुणगुणतो, तेव्हा आवाज कमी होतात म्हणे. काहींना त्याचा उपयोग होतो, डॉक्टरही म्हणाले. जेवताना गुणगुणला तर टोकू नकोस. आणि दुपारभर पडून असतो त्याला आळशी म्हणू नकोस. तो उत्साह आजाराने नेलाय, थोडी गोळ्यांची सुस्तीही आहे. संध्याकाळी सुरसागरापर्यंत चालून येतो, एवढंही पुष्कळ आहे.

मात्र आवाज त्याला काही करायला सांगताहेत किंवा जगण्यात अर्थ नाही असं तो बोलला, तर एकटीने निभावू नकोस. तेव्हाच्या तेव्हा मला उठव, डॉक्टरांना फोन कर. 14416 हा टेलि-मानसचा, म्हणजे सरकारच्या मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा, नंबरही लिहून ठेव, रात्रीही लागतो.

दिवाळीला येताना त्याच्यासाठी इयरफोन आण. जुन्याची एक बाजू बंद पडली आहे, आणि यंदा फटाके खूप वाजतील.

तुझी,
आई